सोलापूरचं जुनं गाव पायी बघायचंय, तर गाइड घ्यावा का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे की तुम्ही पुण्याहून आई-बाबा आणि पाचवीतल्या मुलीला घेऊन सोलापूरला येताय, एक अख्खा दिवस हातात आहे, जुन्या गावात गाइड घेऊन पायी फिरायचं मनात आहे, पण घरचे म्हणतायत सोलापुरात सिद्धेश्वर आणि चादर सोडून आहे काय, आणि मागे एका शहरात गाइडनं नुसती राजांची नावं ऐकवली त्यामुळे मुलगी वैतागली होती. बाबांचा गुडघा दुखतो ही अजून एक काळजी. तर वॉक घ्यावा का, कुठून कुठे जावं, आणि चांगला गाइड ओळखायचा कसा.

मी इथलाच आहे, जुन्या गावातून लोकांना फिरवायचं काम बरीच वर्षं करतोय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

आधी सरळ उत्तर. घ्या. बाकी कुठे नाही घेतला तरी चालेल पण सोलापुरात गाइड घ्याच. कारण असं आहे की इथली एकेक जागा सुटी सुटी बघितली तर लहान वाटते, किल्ला भुईकोट म्हणजे डोंगरावरचा थरार नाही, पेठा बघायला गेलात तर रस्त्यावर ट्रॅफिक आणि वरती बोर्ड, गिरण्या तर बंदच झाल्या. लोक दीड तासात किल्ला-मंदिर उरकतात, दोन चादरी घेतात आणि म्हणतात झालं सोलापूर. पण तलाव, किल्ला, पेठा, रेल्वे, गिरण्या, माग हे सगळं एकातून एक निघालेलं आहे, आणि ते जोडून सांगणारा माणूस सोबत असला की हेच गाव इतकं मोठं होतं की एक दिवस पुरत नाही. मी फिरवतो तेव्हा माझा सगळा जोर ह्या जोडण्यावरच असतो.

सुरुवात तलावापासून करा, आणि सकाळी लवकर. सात म्हणजे सातला. मुंबईकडून येणारे सिद्धेश्वर एक्सप्रेसनं सकाळीच उतरतात त्यांना हे फार सोयीचं पडतं, तुम्ही आदल्या संध्याकाळी हुतात्मा एक्सप्रेसनं येऊन मुक्काम करा म्हणजे आई-बाबांची झोप होईल. (ह्या गाडीला हुतात्मा नाव का आहे ते पुढे येतंय.) तलावाच्या काठावर आधी पाच मिनिटं नुसतं उभं राहायचं. समोर पाण्यात सिद्धेश्वराचं मंदिर, कडेला किल्ल्याची तटबंदी. बाराव्या शतकातले सिद्धरामेश्वर, बसवण्णा आणि अल्लमप्रभूंच्या काळातले शरण म्हणजे संत, त्यांची कन्नड वचनं आजही म्हटली जातात, आणि त्यांचं मोठेपण नुसतं भक्तीत नाही तर ह्या कोरड्या मुलखात लोकांना कामाला लावून त्यांनी तळं खोदवलं ह्यात आहे, अशी इथली परंपरा सांगते. त्यांनी गावाभोवती 68 लिंगं स्थापन केली असं मानतात आणि ती लिंगं आजही आहेत, काही देवळात, काही गल्लीबोळात घरांच्या मधे. मुलीला हे सांगा की आज चालता चालता त्यातली किती दिसतात ते मोजायचं. मुलं एकदम जागी होतात, हा माझा नेहमीचा अनुभव.

मंदिरात संमती कट्टा चुकवू नका. एरवी बघितलं तर साधी जागा आहे, पण संक्रांतीच्या वेळी इथे जो अक्षता सोहळा होतो तो नीट समजून घ्यायचा असेल तर गाइडला तिथेच बसवा आणि बोलतं करा. कथा अशी की एका कुंभाराच्या मुलीला सिद्धरामेश्वरांशीच लग्न करायचं होतं, त्यांनी आपल्या योगदंडाशी लग्न लावायला परवानगी दिली, आणि तेव्हापासून दरवर्षी ते लग्न लागतं. यात्रेचे मानकरी हिरेहब्बू, त्यांच्या वाड्यातून सात नंदीध्वज निघतात, पांढरीशुभ्र बाराबंदी घातलेली माणसं ते उंच काठीसारखे ध्वज कमरेच्या पट्ट्यावर पेलत चालतात, वेगवेगळ्या समाजांचे मान ठरलेले आहेत, आणि सगळं गाव "एकदा भक्तलिंग हर्र बोला हर्र" म्हणत मागे. संमतीचं वाचन होतं, "सत्यम सत्यम" आलं की हजारो हात एकदम वर जातात आणि तांदूळ पडतात. दुसऱ्या दिवशी होम मैदानावर होमविधी, त्यात ती कुंभारकन्या सती जाते असं मानतात. हे सगळं ऐकल्यावर मग होम मैदान नुसतं रिकामं ग्राउंड वाटत नाही.

आता किल्ला. अगदी शेजारी आहे, पुरातत्त्व खात्याकडे आहे, तिकीट आहे, आदल्या दिवशी वेळ विचारून ठेवा. इथे गाइडची खरी परीक्षा होते. वाईट गाइड दारातच उभा राहून बहामनी, आदिलशाही, निजामशाही, मोगल, निजाम, मराठे, इंग्रज अशी गाडी सोडतो आणि पोरं तिथेच जांभया द्यायला लागतात. चांगला माणूस आधी पाणी दाखवतो. किल्ल्याला तीन बाजूंनी रुंद खंदक आहे, चौथ्या म्हणजे पूर्वेच्या बाजूला खंदकाची गरजच पडली नाही कारण तिथे तलाव आहे. झालं, किल्ला इथेच का बांधला ह्याचं अर्धं उत्तर मिळालं, आणि ते मुलीला स्वतःच्या डोळ्यांनी मिळालं. मग तट बघा, एकात एक असे दोन आहेत. बाहेरचा तट आणि खंदक बहामनी काळातला, आतला तट नंतरचा. भिंतीजवळ जाऊन दगड निरखा, बाकी खडबडीत दगडात मधेच एखादा कोरीव दगड आडवा नाहीतर उलटा बसवलेला दिसतो, वेलबुट्टी खाली डोकं वर पाय. जुन्या देवळांचे दगड तटात वापरलेत. आतमधे देवळाचे अवशेष आहेत आणि बत्तीस खांबी वास्तू पण आहे. इथे मी ग्रुपला जरा वेळ देतो, कोरीव दगड शोधा म्हणतो, बोलत नाही. लोक स्वतः शोधतात तेव्हा जे लक्षात राहतं ते मी सांगून राहत नाही.

ह्या किल्ल्याची जी गोष्ट मला सगळ्यात जास्त सांगावीशी वाटते ती हुंड्याची. 1524 मधे विजापूरच्या आदिलशहाच्या बहिणीचं नगरच्या बुऱ्हाण निजामशहाशी लग्न झालं, ते इथे सोलापुरातच, आणि सोलापूर हुंड्यात द्यायचं ठरलं होतं असं नगरकरांचं म्हणणं. विजापूरकरांनी काही दिलं नाही. त्यावरून पुढे चाळीस वर्षं ह्या दोन घराण्यांनी मारामाऱ्या केल्या, किल्ला कधी ह्यांच्याकडे कधी त्यांच्याकडे. शेवटी हुसेन निजामशहाची मुलगी चांदबिबी विजापूरच्या अली आदिलशहाला दिली तेव्हा हाच किल्ला उलट दिशेनं हुंड्यात गेला, आणि त्या सोयरिकीमुळे जी एकी झाली ती 1565 ला विजयनगरच्या विरुद्ध उभी राहिली. म्हणजे तुम्ही ज्या दगडावर बसून पाणी पिताय तो एका लग्नाच्या बोलणीतला मुद्दा होता आणि त्याचे परिणाम पार तुंगभद्रेपर्यंत गेले. ही गोष्ट सांगितली की बायकाच काय पुरुषमंडळी पण थांबून ऐकतात. पुढचं तसं पटकन सांगितलं तरी चालतं, मोगलांकडे गेला, निजामाकडे गेला, मराठ्यांकडे आला, आणि फेब्रुवारी 1818 ला आपल्याच जिल्ह्यात आष्टीला पेशव्यांचे सेनापती बापू गोखले पडल्यावर मे महिन्यात इंग्रजांच्या मन्रोनं सोलापूर घेतलं.

बाबांच्या गुडघ्यासाठी: किल्ल्यात वर-खाली आणि उंचसखल आहे, सगळं फिरायची गरज नाही. दरवाजांची वळणं बघून आतल्या सपाट भागात बसवा, तोपर्यंत तुम्ही बुरुजाकडे जाऊन या. सरळ सांगा गाइडला की आमच्यात एक जण हळू चालणार आहे, त्यावर त्याचं तोंड वाकडं झालं तर तो माणूस घेऊ नका.

किल्ल्यातून निघून चार पुतळ्याकडे चला, म्हणजे चार हुतात्म्यांचे पुतळे आहेत त्या चौकाकडे. इथे सोलापूरकराचा आवाज बदलतो, माझाही बदलतो. 6 एप्रिल 1930 ला इथल्या नगरपालिकेनं इमारतीवर तिरंगा लावला, इंग्रजांचं राज्य असताना. मे महिन्यात गांधीजींना अटक झाली, 8 मे ला रूपाभवानीच्या बाजूला लोकांनी दारूसाठीची शिंदीची झाडं तोडली, पोलीस आले, गोळीबार झाला, शंकर शिवदारे त्यात गेले, आणि मग गाव पेटलं. मंगळवार पेठेची पोलीस चौकी जळाली, कोर्ट जळालं. इंग्रज अधिकारी गाव सोडून बाजूला झाले आणि 9 ते 11 मे हे तीन दिवस सोलापुरात इंग्रजांची सत्ता चाललीच नाही, वाहतूक आणि बंदोबस्त कार्यकर्त्यांनी सांभाळला. 12 मे ला मार्शल लॉ लागला, तो जूनच्या अखेरपर्यंत. साधी गांधी टोपी घालायची चोरी झाली होती. आणि चौकीतल्या पोलिसांच्या मृत्यूबद्दल चौघांना धरलं: मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा. 12 जानेवारी 1931 ला येरवड्याला फाशी दिली. पुण्याच्या गाडीचं नाव ह्यांच्यावरून.

चार नावं पुन्हा वाचा. एक लिंगायत, एक मुसलमान, एक मराठा, एक मारवाडी. ह्या चौकात उभं राहून हे सांगितलं की पुढच्या पेठा कशा बघायच्या ते वेगळं सांगावं लागत नाही. म्हणून मी पेठांच्या आधी चार पुतळा ठेवतो. काही गाइड जागा जवळ आहे की लांब तेवढंच बघून क्रम लावतात, माझं मत तसं नाही, दोन पावलं जास्त चालावं लागलं तरी चालेल पण गोष्ट मोडू नये.

जाता येता इंद्रभुवन बघून घ्या, महापालिकेची इमारत. कापसाच्या व्यापारातले मोठे माणूस अप्पासाहेब वारद ह्यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला बांधलेला वाडा, नुसता दर्शनी भाग बघायला अर्धा तास लागेल इतकं नक्षीकाम. आईंना आवडेल. इथून गाइडनं कापसाचा धागा धरायला पाहिजे, कारण पुढचं सगळं गाव त्यावर उभं आहे.

आता नाश्ता करा. इडली खा, हो सोलापुरात इडली, तेलुगू आणि कन्नड माणसांचं गाव आहे हे, इथली गाड्यावरची इडली-चटणी हा सकाळचा रोजचा आहार आहे. डिस्को भजी संध्याकाळी.

नऊच्या सुमारास कसब्यात शिरायचं. बाळीवेशीचं मल्लिकार्जुन मंदिर, मग आतल्या गल्ल्या, मग टिळक चौक, मधला मारुती, चाटी गल्ली, तिथून माणिक चौक आणि विजापूर वेस. हा टप्पा अंतरानं फार नाही पण वेळ सगळ्यात जास्त इथेच लागतो आणि लागावाच. कसब्यात वाड्यांचे लाकडी दरवाजे अजून आहेत, कमी झालेत पण आहेत, दगडी जोतं, वरती माळवद, आत चौक. दार उघडं असलं तरी सरळ आत शिरू नका, ते कुणाचं तरी घर आहे. गाइड ओळखीचा असेल तर तो बाहेरूनच हाक मारतो, "काकू, पाव्हणे आलेत, चौक दाखवू का?" आणि मग काकूच येऊन सांगतात आमच्या सासऱ्यांच्या वेळी इथे काय होतं. कुणीतरी कट्ट्यावरनं विचारणारच "काय बघूलालाव इथं?" त्यांच्याशी थांबून बोला, घाई करू नका. माझ्या वॉकमधली सगळ्यात चांगली माहिती मला अशीच मिळालेली आहे, कट्ट्यावर बसलेल्या माणसांकडून.

शुभराय मठ पण गाइडला विचारा. शुभराय महाराज मूळचे कर्नाटकातले, टिपू सुलतानाच्या चाकरीत होते ते सोडून विठ्ठलभक्तीला लागले आणि सोलापुरात येऊन राहिले असं सांगतात, कवी होते आणि चित्रकार होते. संत आणि चित्रकार हे एकत्र आपल्याकडे फार थोडं सापडतं. बाहेरून येणारे शंभरातले नव्वद लोक हे न बघताच जातात ह्याचं मला खरंच वाईट वाटतं. राम जोशी, लावणीवाले, ते पण सोलापूरचेच.

मधला मारुती म्हणजे बाजाराचा गाभा. इथे ग्रुप मोठा असेल तर वाट लागते म्हणून दहा-बारापेक्षा जास्त लोकांच्या वॉकमधे जाऊ नका, मागच्याला ऐकूच येत नाही. चाटी गल्लीत कापडाची दुकानं. उभं राहून फक्त कान द्या: गिऱ्हाईक मराठीत विचारतंय, मालक आतल्या माणसाला कन्नडमधे सांगतोय, हमाल दखनीत ओरडतोय, आणि शेजारी कुणीतरी फोनवर तेलुगू. एकाच दुकानात. हे कुणी दाखवायला म्हणून करत नाही, रोजचंच आहे. गाइडला निदान चार शब्द कन्नड-तेलुगू यायला पाहिजेत असं मी म्हणतो ते ह्यासाठी, नाहीतर त्याला ह्या गावातलं अर्धं ऐकूच येत नाही.

माणिक चौकातला आजोबा गणपती. 1885 पासूनचा सार्वजनिक गणपती, म्हणजे लोकमान्यांनी पुण्यात उत्सव वाढवला त्याच्याही आधीचा, असं इथे मोठ्या अभिमानानं सांगतात. इथे माझा एक आग्रह आहे. गाइडनं काहीही ठासून सांगितलं की नम्रपणे विचारा "हे कशावरून?" चांगला गाइड रागावत नाही, तो तीन गोष्टी वेगळ्या करून देतो, ही नोंद आहे, ही घराण्यात चालत आलेली आठवण आहे, ही आख्यायिका आहे. तिन्हीला किंमत आहे. कुंभारकन्येची गोष्ट कागदावर शोधायची नसते, तिच्यावर लाखो लोक दरवर्षी तांदूळ टाकतात हीच तिची ताकद. पण गोळीबाराची तारीख मात्र नीटच पाहिजे. जो माणूस सगळंच एका सुरात "हा इतिहास आहे" म्हणून सांगतो किंवा प्रत्येक भुयार थेट विजापूरला पोचवतो त्याच्यापासून सावध. भुयार विचारणारे फार भेटतात म्हणून लिहिलं.

विजापूर वेशीला पोचेपर्यंत अकरा वाजतील. रमजानमधे आलात तर संध्याकाळी इथला मीना बाजार बघा, नॉनव्हेज खाणाऱ्यांनी शिक खाल्ल्याशिवाय जाऊ नये. तुमचं तसं नसेल तर सरळ जेवायला: कडक भाकरी, शेंगा चटणी, धपाटे, आणि मिळाली तर गव्हाची हुग्गी म्हणजे खीर. शेंगा चटणी विकत घेताना सुटी तेलकट दिसणारी कुटलेली घ्या, कोरडी भुकटी नको.

दुपारी झोपा. मनापासून सांगतोय. सोलापूरचं ऊन हे पुण्याच्या उन्हासारखं नाही, मार्च ते मे मधे तर बारानंतर वॉक घेणाऱ्याला मी हात जोडतो. चाळीसच्या वर पारा सहज जातो. 18 एप्रिलच्या जागतिक वारसा दिनाला वॉक निघतात ते सुद्धा पहाटेच उरकावे लागतात. तुम्हाला महिना निवडता येत असेल तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी, आणि 19 ते 25 नोव्हेंबरचा वारसा सप्ताह तर फारच छान, तेव्हा स्थानिक अभ्यासक मंडळी स्वतः लोकांना फिरवतात, चौकशी करून ठेवा.

चार वाजता पूर्व भाग. इथे चालत नाही, रिक्षानं जा आणि तिथे उतरून चाला. आता सकाळचा कापसाचा धागा पुढे घ्यायचा. 1860 मधे रेल्वे सोलापूरला पोचली, कापूस मुंबईला जायला लागला. 1870 च्या दशकात मुरारजी गोकुळदासांनी गिरणी काढली, तिलाच पुढे जुनी मिल म्हणायला लागले. त्याच दशकात 1876-78 चा मोठा दुष्काळ. नंतर नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णू, जाम अशा मिली आल्या आणि गावाचं घड्याळ म्हणजे भोंगा झाला, भोंग्यावर बायका चूल पेटवायच्या. तेलंगणातून पद्मशाली विणकर कुटुंबं येत राहिली आणि त्यांनी हा पूर्व भाग वसवला, साखर पेठेपासून पुढे कन्ना चौक वगैरे. इथे तेलुगू पाट्या दिसतील, तेलुगू शाळा आहेत, नारळी पौर्णिमेला मार्कंडेयाचा रथ निघतो.

गाइड प्रामाणिक असेल तर तो सेटलमेंटचंही सांगेल. इंग्रजांनी काही जमातींना जन्मानंच गुन्हेगार ठरवून तारेच्या कुंपणात ठेवलं होतं, सोलापुरात अशी मोठी वसाहत होती आणि तिथली माणसं गिरण्यांत राबायची. तो कायदा 31 ऑगस्ट 1952 ला गेला. वाड्यांची नक्षी दाखवायची आणि हे गाळायचं असं करणारे वॉक मला पटत नाहीत.

मागाचा कारखाना आधी विचारून, वेळ ठरवून बघा, गाइडची ओळख इथे सगळ्यात जास्त उपयोगी पडते. आत शिरल्यावर पहिली गोष्ट आवाज, खटाखट खटाखट, बोललेलं ऐकू येत नाही म्हणून सगळं बाहेर समजून घेऊन मग आत जा. वरती जॅकार्ड, त्यात भोकं पाडलेल्या पुठ्ठ्याच्या पट्ट्यांची माळ फिरत असते, भोक असलं की तो धागा उचलला जातो, नसलं की नाही, आणि तेवढ्यावर चादरीवर मोर नाहीतर फुलाची वेल उमटते. मुलीला शाळेत कॉम्प्युटर आहे ना, तिला विचारा हे कशासारखं वाटतं, ती बरोबर सांगेल. खाली धोटा इकडून तिकडे जातो, कांडी संपली की कामगार डोळ्याचं पातं लवायच्या आत बदलतो. कडेला हात नेऊ नका, ओढणी आणि पदर आवरून घ्या. अंगावर कापसाचा बारीक फुफाटा येतो, कुणाला दम्याचा त्रास असेल तर दारातूनच बघा. कामगाराचा फोटो काढायचा तर आधी विचारा, आणि शेजारच्या दारात बिडी वळत बसलेल्या बायकांचा तर विचारल्याशिवाय मुळीच नाही. त्या कामावर आहेत, त्यांचे पैसे वळलेल्या बिड्यांवर ठरतात, तुमच्या गप्पांत त्यांचा वेळ जातो ह्याचं भान ठेवा.

चादर घेताना उलटी करून बघा. अस्सल सोलापुरी जॅकार्ड चादर दुहेरी विणीची असते, पुढे लाल जमिनीवर पांढरं फूल असेल तर मागे पांढऱ्या जमिनीवर लाल फूल, दोन्हीकडे तेवढंच स्वच्छ. मागच्या बाजूला नुसते लोंबते धागे दिसले किंवा छपाई असेल तर ती ही चादर नव्हे. सोलापुरी चादर आणि टॉवेल दोन्हीला भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे, तरी बाहेर बनवलेला माल ह्याच नावानं सर्रास विकला जातो, आपल्या विणकरांचं त्यात फार नुकसान होतं. म्हणून कारखान्याच्या दुकानातनं घ्या आणि पावती घ्या.

परतताना वेळ उरला आणि उघडं असेल तर भैय्या चौकातलं डॉ. कोटणीसांचं स्मारक. 1910 ला ह्याच गावात जन्मले, 1938 ला वैद्यकीय पथकातून चीनला गेले, जखमी सैनिकांवर उपचार करत राहिले आणि 1942 ला तिथेच वारले, वय फक्त बत्तीस. पाचवीतल्या मुलांना मी किल्ला थोडा कमी दाखवतो पण इथे आणतोच.

आता गाइड ठरवायचं राहिलं. फोनवर बोलताना त्याला विचारा की रूट कसा आणि हाच क्रम का. "सगळं दाखवतो साहेब, दोन तासात" असं उत्तर आलं तर सोडून द्या. जो उलट तुम्हाला विचारतो की सोबत कोण कोण आहे, वय काय, चालायची सवय किती, आधी काय वाचलंय, तो घ्या. फी आधीच ठरवा, त्यात किल्ल्याचं तिकीट, रिक्षा धरली आहे का ते स्पष्ट करा, आणि वाटेतल्या कुठल्या दुकानात नेणार का हे सुद्धा विचारा, कारण दुकानदाराकडून कमिशन घेणारा गाइड माणिक चौकात तुमची घाई करतो. पाण्याची बाटली, टोपी, मंदिरात काढता येतील अशा चपला किंवा सुटसुटीत शूज. आईंसाठी पातळ मोजे ठेवा, मंदिराची फरशी दहानंतर तापते.

एका दिवसात हे सगळं आई-बाबांना जमणार नाही असं वाटलं तर पूर्व भाग ठेवा आणि कसब्यातलं निम्मं कमी करा. चार पुतळा कमी करू नका.

आणि जानेवारीत येणार असाल तर दोन गोष्टी. 12 ते 16 च्या दरम्यान गड्ड्याची म्हणजे सिद्धेश्वराची यात्रा असते, जुन्या गावात वाहन आत येत नाही, हॉटेलं खूप आधी भरतात, त्यामुळे रूम निदान महिनाभर आधी बघा. त्या दिवसांत नेहमीसारखा वॉक होत नाही, गर्दीत गाइडचा आवाज पोचत नाही, मग वेगळा प्लॅन करायचा: अक्षतेच्या दिवशी सकाळी लवकर संमती कट्ट्याच्या बाजूला जागा धरायची, लहान मुलीला खांद्यावर घ्यायची तयारी ठेवायची, आणि बाबांना मिरवणुकीच्या वाटेवर एखाद्या ओळखीच्या घराच्या गच्चीत नाहीतर ओट्यावर बसवायचं. बाळीवेशीच्या बाजूला लोक स्वतःहून खुर्ची देतात.